शिकवणीचे पैसे कोणी भरले?

जपानी मूकपटांच्या शेवटच्या दोन-तीन वर्षांतल्या तीन नामांकित चित्रपटांत एकच व्यवहार पुन्हा पुन्हा घडतो. बाई कमावते आणि पुरुष शिकतो. मिझोगुची केंजीच्या ‘ताकी नो शिराइतो’मध्ये पाण्याच्या कारंज्यांचे खेळ करणारी फिरत्या मंडळातली शिराइतो एका घोडागाडीवाल्या तरुणाला टोकियोला धाडते आणि त्याच्या कायद्याच्या शिक्षणाचा खर्च उचलते. हा चित्रपट १९३३ चा. त्याच वर्षीच्या ओझु यासुजिरोच्या ‘टोकियो नो ओन्ना’मध्ये टायपिस्ट चिकाको धाकट्या भावाला कॉलेजात शिकवते, पगार पुरत नाही म्हणून रात्री काय करते, ते ती घरी सांगत नाही. १९३५ च्या ‘ओरिझुरु ओसेन’मधली ओसेन डॉक्टर होऊ पाहणाऱ्या एका गरीब मुलासाठी देह विकते. पुढे गाडीवाला सरकारी वकील होतो, गरीब मुलगा डॉक्टर होतो, आणि बहिणीचे पैसे कुठून येतात हे कळल्यावर भाऊ जीव देतो.

शिराइतोच्या वाट्याला काय येतं? पैशाच्या झटापटीत तिच्या हातून एका सावकाराचा खून होतो. खटला उभा राहतो आणि सरकारच्या वतीने बोलायला येतो तोच गाडीवाला. आपण शिकवलेल्या माणसाकडून आपल्याला शिक्षा व्हावी, त्याच्या सचोटीला बट्टा लागू नये, एवढीच तिची इच्छा असते. भर कोर्टात ती जीभ चावून मरते.

अशा चित्रपटांना ‘स्त्रीच्या त्यागाची करुण कहाणी’ म्हणून मोकळं व्हायची समीक्षकांची जुनी सवय आहे. मिझोगुचीचं नाव आलं की स्त्रीविषयीची त्याची करुणा, त्याचे लांबलचक शॉट, नायिकेचा कोमेजत जाणारा चेहरा, हे सगळं ओघानेच येतं. त्यात खोटं काही नाही. पण ‘त्याग’ हा शब्द फार सोयीचा आहे. तो एकदा वापरला की पैसे कोणाचे होते, कोणाच्या खिशात गेले आणि त्या बदल्यात कोणाला काय मिळालं, हे विचारायची गरजच उरत नाही. ही माणसं पडद्यावर सतत पैशाबद्दल बोलत असतात. पाहणारा मात्र डोळे पुसत बाहेर पडतो.

आणि या हिशेबाच्या मागे कायदा उभा होता.

१८९८ च्या नागरी कायद्याने जपानमध्ये प्रत्येक माणूस एका घराण्याच्या नोंदवहीत बांधला गेला. घराण्याचा एक प्रमुख, बहुतेक वेळा बाप किंवा थोरला मुलगा. लग्न करायचं तर त्याची संमती हवी. शिवाय पुरुषाला तिशीपर्यंत आणि बाईला पंचविशीपर्यंत आईबापांचीही संमती हवी. त्या काळी मुलीचं लग्न पंचविशीच्या आतच होत असे, म्हणजे व्यवहारात तिच्या पसंतीला कायद्याने जागाच ठेवली नव्हती. लग्नानंतर मोठे व्यवहार, कर्ज, मालमत्ता यांसाठी नवऱ्याची परवानगी घ्यायची. व्यभिचार हा गुन्हा, पण बायकोने केला तरच. १९०७ च्या दंडसंहितेत त्यासाठी दोन वर्षांपर्यंत कैद होती आणि फिर्याद करायचा हक्क नवऱ्याकडे. नवऱ्याने दुसऱ्याच्या बायकोशी संबंध ठेवले आणि त्यासाठी त्याला शिक्षा झाली, तरच त्या कारणावरून बायकोला घटस्फोट मागता येई. गेइशा ठेवली तर कायद्याचं काहीच म्हणणं नव्हतं.

लग्न जुळवायचं काम नाकोदो करायचा. हा मध्यस्थ दोन्ही घरांच्या ओळखीतला, वजनदार माणूस. आधी फोटो आणि कुळाची माहिती इकडून तिकडे जायची, मग दोन्हीकडची मंडळी एखाद्या नाट्यगृहात किंवा चहाच्या बैठकीत समोरासमोर यायची. या भेटीला ओमिआइ म्हणतात. आपल्याकडच्या कांदेपोह्यांची आठवण होईलच, फक्त तिथे मध्यस्थाचा मान आणखी मोठा. भेटीआधी चौकशी कसून व्हायची. घरात कोणाला क्षय आहे का, कोणी वेडं आहे का, कोणी कर्जात बुडालं आहे का.

या चौकशीची धास्ती किती खोल होती, ते पाहायला ‘कुरुत्ता इप्पेजी’ हा चित्रपट पुरेसा आहे. किनुगासा तेइनोसुकेने तो १९२६ मध्ये काढला. पटकथेच्या श्रेयनामावलीत पुढे नोबेल मिळवणाऱ्या कावाबाता यासुनारीचं नाव आहे. चित्रपट हरवला असंच सगळे धरून चालले होते. १९७१ मध्ये खुद्द किनुगासाला आपल्याच घराच्या कोठीत त्याची प्रत सापडली. वेड्यांच्या इस्पितळात घडणारी ही कथा. भन्नाट कॅमेरा, एकावर एक चढवलेल्या प्रतिमा, पडद्यावर मजकुराची एकही पाटी नाही. म्हणून तिची गणना नेहमी ‘प्रयोगशील’मध्ये होते. गोष्ट मात्र अगदी घरगुती आहे. एक म्हातारा झाडूवाला इस्पितळात नोकरीला लागलाय, कारण त्याची बायको तिथे कोंडलेली आहे. तिचं डोकं फिरलं ते त्याच्याच वागण्याने. मुलगी येऊन सांगते, माझं लग्न ठरलंय. आता म्हाताऱ्याच्या जिवाला घोर लागतो: वरपक्षाला कळलं की मुलीची आई इथे आहे, तर लग्न मोडेल. तो बायकोला रात्री गुपचूप बाहेर काढू पाहतो. ती दारापर्यंत येते आणि बाहेरच्या अंधाराला बिचकून मागे फिरते.

त्याच चित्रपटात म्हाताऱ्याचं एक दिवास्वप्न आहे. लॉटरीत त्याला कपड्यांचं कपाट लागतं आणि तो ते हौसेने मुलीच्या रुखवतासाठी घेऊन जातो. वेडाच्या एवढ्या गदारोळात दिग्दर्शकाला रुखवताचं कपाट दाखवावंसं वाटलं, ही बारीकशी गोष्ट त्या सगळ्या कॅमेऱ्याच्या करामतींहून जास्त सांगते. आईचं आयुष्य मोडलं ते लग्नात, आणि तरी बापाची सगळी धडपड मुलीला दुसऱ्या लग्नघरात बसवण्याची.

गंमत अशी की हा किनुगासा स्वतः काही वर्षं पडद्यावर ‘बाई’ होता. जपानी रंगभूमीवर १६२९ पासून स्त्रियांना बंदी होती आणि बायकांच्या भूमिका करणाऱ्या पुरुषांची, ओन्नागातांची, मोठी परंपरा काबुकीत तयार झाली होती. सिनेमाने ती जशीच्या तशी उचलली. १९१४ मध्ये तॉलस्तॉयच्या कादंबरीवर बेतलेला ‘कात्युशा’ निक्कात्सु कंपनीने काढला, तो तुफान चालला, आणि त्यातली फसवली गेलेली मोलकरीण साकारली होती ताचिबाना तेइजिरो या पुरुषाने. साळुंक्यांनी पडद्यावर साकारलेली तारामती पाहिलेल्या आणि बालगंधर्वांवर जीव टाकणाऱ्या मराठी प्रेक्षकाला यात नवल वाटायचं कारण नाही. निक्कात्सुमध्ये हा प्रकार थेट १९२२ पर्यंत चालला. त्या वर्षी कंपनीच्या ओन्नागातांनी एकगठ्ठा राजीनामे दिले. त्याआधीच शोचिकुसारख्या नव्या कंपन्यांनी खऱ्या नट्या घ्यायला सुरुवात केली होती, आणि कुरिशिमा सुमिकोसारख्या नटीचे फोटो दुकानादुकानांत खपत होते.

बाई पडद्यावर आली, पण आवाज तिचा नव्हता. जपानमध्ये मूकपट कधीच मुका नसे. पडद्याशेजारी बेन्शी बसायचा, कथा सांगायचा, सगळ्यांचे संवाद म्हणायचा. बेन्शी बहुधा पुरुषच असत. नायिका हुंदका देई तेव्हा थिएटरात ऐकू यायचा तो एका पुरुषाने काढलेला हुंदका. त्यात टोकियोच्या पोलिसांनी १९१७ मध्ये नियम काढला, की प्रेक्षागृहात बायका आणि पुरुषांनी वेगवेगळं बसायचं. अंधारात नीतिमत्ता बिघडते, ही त्यांची काळजी.

म्हणजे वीसच्या दशकापर्यंत जपानी पडद्यावरच्या बाईचं शरीर पुरुषाचं, आवाज पुरुषाचा, कथा पुरुषाने लिहिलेली. असं असूनही त्या कथांत लग्नाच्या जाचाबद्दल इतकं खरं कसं उतरलं? एक उत्तर बाजारात आहे. शोचिकुच्या कामाता स्टुडिओचा प्रमुख किदो शिरो याने १९२४ पासून धोरणच ठेवलं, की बायकांना थिएटरात आणायचं. बाई एकटी येत नाही, मैत्रीण किंवा बहीण बरोबर आणते, हे त्याने ओळखलं होतं. तिकीट तिने काढायचं तर तिचं दुखणं पडद्यावर हवं. दुखणं दाखवायला हरकत नव्हती. त्यावर औषध सुचवायला हरकत होती. त्यामुळे नायिका भोगते, रडते, क्षमा करते, आणि घराणं जागच्या जागी राहतं.

सून होणं आणि विकली जाणं यांतलं अंतर किती कमी होतं, हे नारुसे मिकिओने १९३३ च्या ‘किमि तो वाकारेते’मध्ये जितक्या साधेपणाने दाखवलं, तितकं क्वचितच कोणी दाखवलं असेल. तेरुगिकु ही तरुण गेइशा आपल्या ओळखीच्या मुलाला घेऊन समुद्रकाठच्या आपल्या गावी जाते. घरात दारुडा बाप. त्याने तिला धंद्याला लावलं आणि आता धाकटीलाही लावायचा विचार आहे. तेरुगिकु आईबापांना सुनावते, पण अखेर धाकटीला वाचवण्यासाठी स्वतःच जास्त पैशांच्या, लांबच्या ठिकाणी निघून जाते. हा मेलोड्रामा नव्हता. घरच्यांनी आगाऊ रक्कम घ्यायची आणि ती फिटेपर्यंत मुलीने राबायचं, अशी करारपत्रंच होत असत. १९३४ मध्ये ईशान्य जपानात पीक बुडालं तेव्हा मुली विकल्या जात असल्याच्या बातम्यांनी तिथली वर्तमानपत्रं भरली होती. मुलगी कोणत्या घरी द्यायची आणि कोणत्या कोठीवर, दोन्ही निर्णय एकाच माणसाच्या हातात.

नारुसेच्या चोवीस मूकपटांपैकी फक्त पाच आज शिल्लक आहेत. १९२३ चा भूकंप, युद्धातली बॉम्बफेक आणि कंपन्यांची बेपर्वाई यांनी त्या काळातला बहुतेक सगळा सिनेमा गिळला. वाचलेल्या पाचांत १९३४ चा ‘कागिरिनाकी होदो’, म्हणजे ‘न संपणारा रस्ता’, आहे हे आपलं नशीब. हा त्याचा शेवटचा मूकपट, वर्तमानपत्रात क्रमशः आलेल्या कादंबरीवर काढलेला. अभ्यासकांच्या याद्यांत तो बहुतेक वेळा खालीच असतो. खरं तर अरेंज्ड मॅरेजच्या अख्ख्या यंत्रणेबद्दल जपानी मूकपटांनी जे काही म्हटलं, त्यातलं सगळ्यात धारदार म्हणणं इथे आहे.

सुगिको टोकियोच्या गिन्झा भागातल्या एका चहाघरात वेट्रेस आहे. तिचा एक प्रियकर आहे. त्याच्या गावाकडे त्याचं लग्न दुसरीकडे ठरवण्याचा घाट घातलाय. दोघांचं काही ठरायच्या आत एका श्रीमंत तरुणाची मोटार सुगिकोला धडकते. अपघातातून ओळख, ओळखीतून प्रेम, आणि मधल्या गैरसमजात प्रियकर दुरावतो. मोटारवाल्या हिरोशीच्या घरी आईने आपल्या तोलामोलाची मुलगी हेरून ठेवलेली असते. तो ऐकत नाही, सुगिकोशी लग्न करतो. इतर कुठल्याही चित्रपटात इथे ‘प्रेमाचा विजय’ झाला असता. नारुसेचा चित्रपट इथून सुरू होतो.

सासू आणि नणंद तिला मारत नाहीत, उपाशी ठेवत नाहीत. त्या फक्त रोज आठवण करून देतात की ती चहाघरातून आली आहे. बोलणं सभ्य, स्वर खालचा, आणि प्रत्येक वाक्यात घराण्याचं नाव. नवरा वाईट नाही. तो आईपुढे बोलत नाही, एवढंच. आणि संध्याकाळी दारू पिऊन येतो. स्वतःच्या मर्जीने केलेलं लग्नही शेवटी त्याच वाड्यात येऊन पडतं, जिथे ठरवून केलेलं पडलं असतं. प्रेमविवाह हा ठरवून केलेल्या लग्नावरचा उतारा आहे, अशी समजूत तेव्हाच्या जपानी तरुणाईत पसरत होती. नोंदवही आणि सासू जागच्या जागी असतील तर नवरा कोणी निवडला याने फारसा फरक पडत नाही, हे नारुसेने भाषण न करता दाखवलं.

सुगिको घर सोडते. हिरोशी पुन्हा मोटार ठोकतो, या वेळी स्वतः मरणाच्या दारात पोचतो. तिला बोलावणं जातं. आता इस्पितळातला प्रसंग. जपानी मेलोड्रामाच्या रिवाजानुसार तिने उशाशी बसून सगळ्यांना क्षमा करायला हवी. ती सासूला आणि नणंदेला त्याच खोलीत स्पष्ट सांगते, की तुमचं प्रेम या माणसावर नव्हतंच, ते घराण्याच्या नावावर होतं, आणि त्यानेच याचा जीव घेतला. मग नवऱ्याच्या मरणाची वाट न पाहता ती निघून जाते. माफी नाही, सेवा नाही, विधवेचा शोक नाही. चहाघरातली नोकरी तिची वाट पाहत असते.

१९३४ मध्ये हे दाखवणं किती धाडसाचं होतं? त्याआधी तेरा वर्षं एका खऱ्या बाईने असंच काही केलं होतं. यानागिवारा ब्याकुरेन ही सरदारघराण्यातली कवयित्री. पंधरा-सोळाव्या वर्षी पहिलं लग्न लावलं गेलं, ते मोडलं. १९११ मध्ये घरच्यांनी तिला क्यूशूच्या कोळसा खाणमालकाला, जवळपास पंचवीस वर्षांनी मोठ्या इतो देनएमोनला दिलं. १९२१ मध्ये ती मियाझाकी र्‍यूसुके या तरुणाबरोबर निघून गेली आणि नवऱ्याला सोडत असल्याचं तिचं पत्र ‘असाही’ या वर्तमानपत्रात जाहीर छापून आलं. कायद्याने ती गुन्हेगार होती. नवऱ्याने फिर्याद केली असती तर तुरुंग. त्याने केली नाही. देश मात्र कित्येक महिने त्याच चर्चेत होता.

नट्यांची गत वेगळी नव्हती. ‘टोकियो नो ओन्ना’मध्ये भावासाठी राबणारी चिकाको साकारली ओकादा योशिकोने. १९२७ मध्ये एका चित्रपटाचं काम अर्धवट सोडून ती सहनटाबरोबर निघून गेली होती. निर्मात्यांनी तिच्यावर बहिष्कार टाकला. पुढे तिच्या वाट्याला ओझुची चिकाको आली, आणि त्या चित्रपटाच्या शेवटी ती भावाच्या प्रेताशेजारी बसून त्याला भेकड म्हणते: एवढ्यासाठी मेलास? शिक्षणाचा खर्च करणाऱ्या बाईने शिकणाऱ्याला जाब विचारण्याचा असा दुसरा प्रसंग त्या काळच्या सिनेमात सहज सापडत नाही. शिराइतोला हे कधी सुचलं नाही. १९३८ च्या जानेवारीत ओकादा बर्फातून सीमा ओलांडून सोव्हिएत रशियात शिरली. बरोबर गेलेल्या सुगिमोतो नावाच्या माणसाला तिथल्या सरकारने गोळी घातली, तिने छावणी भोगली. जपान पुन्हा पाहिला तो १९७२ मध्ये.

आता मिझोगुचीकडे परत येणं भाग आहे, कारण त्याला एका वाक्यात निकालात काढता येत नाही. त्याची थोरली बहीण सुझु लहानपणी दुसऱ्या घरी दिली गेली आणि पुढे गेइशाच्या घरात विकली गेली. आई वारल्यावर तिनेच धाकट्या भावाला आधार दिला. तिच्या जिवावर तो चित्रकला शिकला, कामाला लागला. म्हणजे शिराइतोच्या गाडीवाल्याच्या जागी तो स्वतःच होता. हे कळल्यावर त्याच्या चित्रपटांतली करुणा वेगळी दिसते. ती कर्जदाराची करुणा आहे. ज्याच्याकडून घेतलं, त्याला तो पडद्यावर देवी करून टाकतो. देवीला पैसे परत करावे लागत नाहीत. ‘ओरिझुरु ओसेन’च्या शेवटी डॉक्टर झालेला तो मुलगा पावसाळी रात्री स्टेशनवर भ्रमिष्ट ओसेनला ओळखतो, तिच्यापाशी रडतो. दृश्य अप्रतिम आहे. त्यात ओसेन वेडी असणं ही दिग्दर्शकाची सोय आहे. शुद्धीवर असती तर तिने काय विचारलं असतं?

मिझोगुचीच्या चित्रपटांवर सहायक आणि संकलक म्हणून राबणारी एक बाई होती, आणि तिची गोष्ट कुठल्याही पटकथेला भारी आहे. साकाने ताझुको क्योतोच्या सुखवस्तू घरातली. घरच्यांनी लावून दिलेलं लग्न तिने काही वर्षांत मोडलं आणि १९२९ मध्ये निक्कात्सुमध्ये नोकरी धरली. केस कापले, पँट घालायला लागली, कारण सेटवर बाई म्हणून कोणी मोजत नव्हतं. १९३६ मध्ये ‘हात्सुसुगाता’ काढून ती जपानची पहिली स्त्री दिग्दर्शक झाली. तो चित्रपट आज उपलब्ध नाही. तिला दुसरी कथा कोणी दिली नाही, म्हणून ती १९४२ मध्ये मांचुरियात जपान्यांनी चालवलेल्या फिल्म कंपनीत गेली. तिथला तिचा ‘काइताकु नो हानायोमे’ हा १९४३ चा चित्रपट तेवढा टिकून आहे. नावाचा अर्थ ‘वसाहतीची नवरी’. मांचुरियातल्या जपानी शेतकऱ्यांना बायका हव्या होत्या. मायदेशातल्या मुलींनी लग्न करून तिकडे यावं, यासाठी तो काढलेला होता. ठरवून लावलेल्या लग्नातून स्वतः बाहेर पडलेल्या बाईच्या हातून सरकारी नाकोदोचं काम करून घेतलं गेलं.

युद्ध हरल्यावर ती परत आली. १९४७ मध्ये घराण्याच्या प्रमुखाचा कायदा रद्द झाला. बाईला मत मिळालं होतंच. साकानेने दिग्दर्शकाच्या जागेसाठी विचारणा केली, तर विद्यापीठाची पदवी नाही म्हणून तिला नाकारण्यात आलं. शोचिकुच्या क्योतो स्टुडिओत ती पुन्हा शॉटच्या नोंदी ठेवायच्या कामाला लागली.